कडुलिंबापासून दारापर्यंत

मुंबई,
२९ मे १९९९

प्रिय आत्या,

जय भीम.

पाकिटावरचं अक्षर बघूनच तू म्हणाली असशील की ही पोरगी काम असल्याशिवाय लिहीत नाही. काम आहे.

गेले पंधरा दिवस आमच्या ऑफिसात नुसती धावपळ आहे. वर डोंगरात काय चाललंय ते तू टीव्हीवर बघतेसच. आमच्या युनिटमधून दोघांना कारगिलला पाठवलं. नाव सगळ्यात आधी मी दिलं होतं. अकरा वर्षं माहितीपट करते आहे, त्या दोघांपैकी एकाला कॅमेऱ्यात रीळ भरायला मी शिकवलंय. आमचे प्रमुख हेमचंद्रसर म्हणाले, "रश्मी, तिकडे बाईला परवानगी मिळायची नाही. तू घरच्यांची फिल्म कर. जवान निघाला की घरात काय होतं, वीस मिनिटं." सर माणूस वाईट नाहीत, पण हे सांगताना माझ्याकडे न बघता पंख्याकडे बघत होते. मग मनाशी म्हटलं, त्यांच्या वाट्याला तोफा आल्या, माझ्या वाट्याला दरवाजा. दरवाजा तर दरवाजा.

तर मला एक घर शोधून दे. भिंगारला बाबांना सांगितलं असतं, लष्कराच्या गोदामात तीस वर्षं कारकुनी केल्यावर त्यांच्या ओळखी कमी नाहीत. पण मला गावातलं घर हवंय. घोडेगावात निम्म्या लोकांनी शाळेत तुझ्या हातचा मार खाल्लाय, तुला कोण नाही म्हणणार?

त्या लोकांना माझा त्रास होणार नाही. तुझ्या गावच्या बाजारावर फिल्म केली तेव्हाचं आठवतं ना? व्यापारी रुमालाखाली बोटं धरून बैलाचा भाव ठरवतात, तेवढं मिळावं म्हणून चार बाजार उन्हात बसून काढले, पण कुणाला "पुन्हा करून दाखवा" म्हटलं नाही. बाबा निवृत्त झाले त्या दिवशी फोटोवाल्याने त्यांना भेटीचं घड्याळ तीनदा घ्यायला लावलं, आणि बाबा भडकले, "एकदा घेतलं ते घेतलं. आता काय नाटक करू?" ते मी कायमचं लक्षात ठेवलंय. माझ्या कामाचा तेवढा एकच नियम आहे.

लवकर कळव.

तुझी,
रश्मी


घोडेगाव,
४ जून १९९९

चि. रश्मी,

जय भीम. पत्र मिळालं. अक्षर अजून तसंच आहे, मी मार कमी दिला म्हणायचा.

घर सापडलं. आक्काबाई आणि रखमाजी, आपल्याच समाजातले. बाजाराकडे जाणाऱ्या रस्त्यालाच त्यांचं दार आहे आणि रस्ता ओलांडला की पन्नास पावलांवर कडुलिंब. शेवटचा मुलगा सम्राट, चोवीस वर्षांचा, माझा विद्यार्थी. पाढे त्याला शेवटपर्यंत आले नाहीत, पण आवाज असा खणखणीत की शाळेत प्रार्थना त्याच्याकडूनच म्हणवून घ्यायचे. पाच वर्षं पलटणीत आहे. लग्न या दिवाळीनंतर करायचं चाललंय. सुट्टी वीस तारखेपर्यंत होती, पण परवा तार आली. अकराला निघायचं आहे. माणसं साधी आहेत, बाईंची भाची म्हटल्यावर हो म्हणाली.

अकराला बाजार आहे, हे लक्षात ठेव. सकाळपासून जनावरांचे टेम्पो सुरू होतात. तुझ्या चित्रात म्हशी येऊ नयेत म्हणून मी स्वतः वळणावर उभी राहून गाड्या थांबवीन.

एक गोष्ट सांगून ठेवते. छप्पन सालानंतर आक्काबाईच्या सासऱ्याने घरातले देव नदीत सोडले, तेव्हा ती नवी सून होती. आता भिंतीवर बुद्ध आणि बाबासाहेब, बाकी काही नाही. पण तिची एक सवय गेली नाही. माणूस प्रवासाला निघाला की त्याच्या हातावर गुळाचा खडा ठेवते, आणि त्याने एकदा उंबरा ओलांडला की मागून हाक मारू देत नाही. काही राहिलंच आणि परत यावं लागलं, तर त्याला बसवायचं, पाणी द्यायचं, मग पुन्हा निघायचं. मी तिला कितीदा हटकलं. तीस वर्षं वर्गात मुलांना सांगितलं की असल्या गोष्टींनी काही होत नसतं, तेच तिलाही सांगितलं. ती म्हणाली, "बाई, देव गेलं, पर भ्या कुटं गेलं?"

दहाला संध्याकाळी ये. किती माणसं आहात ते कळव, म्हणजे भाकऱ्यांचा अंदाज येईल.

जयमाला आत्या


मुंबई,
१६ जून १९९९

प्रिय आत्या,

जय भीम. तुझ्या भाकऱ्यांची आठवण युनिट अजून काढतंय.

काम इतकं चांगलं झालंय की सांगताना भीती वाटते. काल लॅबमधून प्रिंट आली. आक्काबाई सम्राटच्या हातावर गूळ ठेवते, तो तोंडात टाकतो, काळी ट्रंक खांद्यावर घेतो आणि चालू लागतो. रस्ता ओलांडतो, कडुलिंबाखाली उभ्या असलेल्या जीपमध्ये बसतो. मागे बघत नाही. इकडे आक्काबाईचा हात चौकटीवर. पूर्ण एक मिनिट दहा सेकंद. हेमचंद्रसरांनी ते तीनदा बघितलं आणि या वेळी पंख्याकडे बघितलं नाही. म्हणाले, "फिल्म इथूनच सुरू करायची. कारगिलहून आलेल्या सगळ्या रिळांत असं काही नाही." अकरा वर्षांत असं कुणी मला म्हटलं नव्हतं. सगळं एका दमात झालं, नशीब म्हणायचं.

तू वळणावर हात पसरून उभी होतीस ते बघून नगरच्या ट्रॅफिक हवालदाराला लाज वाटली असती. तुझे खरंच उपकार.

वाईट म्हणायचं तर एवढंच, मैत्रेयीशी भांडण झालं. ती आमचं ध्वनिमुद्रण करते. आमची फिल्म महाग, मी "कट" म्हटलं की कॅमेरा तत्क्षणी बंद होतो. हिचं टेपचं यंत्र मात्र चालूच. म्हणते, जागेचा आवाज घेते. तुमच्या गावातल्या कोंबड्या आणि हापसा तिने पाऊण तास भरून आणलाय. टेप काय झाडाला लागते का, म्हणून मी तिला झापलं. ती हसली नुसती.

सम्राटचं पत्र आलं का, ते आक्काबाईंना विचार.

तुझी,
रश्मी


घोडेगाव,
९ जुलै १९९९

चि. रश्मी,

सम्राट गेला. चार तारखेला, वर डोंगरात. काल भिंगारहून लष्कराच्या गाडीने त्याला आणलं. गावातली दुकानं बंद होती. त्याच्या वर्गातली मुलं आता बाप्ये झालेली, ती सगळी आली होती. रखमाजीला दोघांनी धरलं होतं. आक्काबाई रडली नाही. भंतेजी वंदना म्हणत होते तेव्हा तिचे ओठ हलत होते, तेवढंच.

मला त्याच्या पाढ्यांचं आठवत राहिलं. सातच्या पाढ्याला अडला की बाकाखाली बघायचा, तिथे उत्तर ठेवल्यासारखं.

आता दुसरं. काल बायका बसल्या होत्या, त्यात शेजारची साळूबाई म्हणाली, "निगालेल्या पोराला त्या कॅमेरावालीनं मागून हाक मारून परत बोलावलं. मग दुसरं काय हुनार?" मी तिला गप्प केलं. आवाज चढवूनच गप्प केलं. पण तू तर लिहिलं होतंस की सगळं एका दमात झालं. मी वळणावर होते, तिथून दार दिसत नाही. खरं काय ते मला लिही. मी रागावणार नाही असं म्हणत नाही, पण मला दुसऱ्याच्या तोंडून ऐकायचं नाही.

जयमाला आत्या


मुंबई,
१४ जुलै १९९९

आत्या,

साळूबाई खरं बोलल्या. मी तुझ्याशी खोटं बोलले.

पहिल्या वेळी तो निघाला, रस्ता ओलांडला, आणि नेमका तेव्हाच म्हशी भरलेला एक टेम्पो मधे आला आणि खड्ड्यामुळे तिथेच रेंगाळला. तो पुढे सरकेपर्यंत सम्राट कडुलिंबापाशी पोचला होता. फ्रेममध्ये नुसत्या म्हशी. मला त्या क्षणी कारगिलला गेलेले ते दोघे दिसले, सरांचा पंखा दिसला. आणि मी ओरडले, "सम्राट, परत या. एकदाच."

तुझ्या पत्रात तू सगळं लिहिलं होतंस. मागून हाक मारायची नाही, परत आला तर बसवायचं, पाणी द्यायचं. मी ते वाचलं होतं आणि त्यातलं कॅमेऱ्याला काय शोभेल तेवढंच लक्षात ठेवलं होतं. माझा स्वतःचा नियमही मला त्या वेळी आठवला नाही.

तो हसत परत आला. मी त्याला बसू दिलं नाही, ऊन सरकत होतं. आक्काबाईंना म्हटलं, पुन्हा तसंच. त्यांच्या हातात गूळ उरला नव्हता. आत जाऊन आणते म्हणाल्या, तर मी म्हटलं, राहू द्या, दिसत नाही. तेव्हा त्यांनी रिकाम्या चिमटीने त्याच्या हातावर काहीतरी ठेवल्यासारखं केलं आणि त्याने खाल्ल्यासारखं केलं. सगळे ज्याची वाहवा करताहेत ते हे. त्या मुलाला मी रिकाम्या हाताने पाठवलं.

मागून हाक मारल्याने कुणी मरत नाही हे मलाही कळतं. तुझ्याच हाताखाली शिकले. पण एका बाईला ज्याची सगळ्यात जास्त भीती वाटते, तेच मी तिच्या दारात उभं राहून तिला करायला लावलं, एका चित्रासाठी. ती काही तरी बोलली असती तर बरं झालं असतं.

मी तिकडे येऊ का? तिच्या समोर बसायचं आहे. ती बोलेल ते ऐकून घेईन.

रश्मी


घोडेगाव,
२० जुलै १९९९

चि. रश्मी,

पत्र वाचलं. दोनदा वाचलं.

सध्या येऊ नकोस. घरात येणाऱ्या-जाणाऱ्यांची गर्दी आहे आणि बायकांची तोंडं तुला माहीत आहेत. आक्काबाई तुझ्याबद्दल काही बोलत नाही. तिला तिच्या दुःखात राहू दे. काही दिवस जाऊ देत, मग बघू.

जेवत जा. महेंद्र काळजी करत होता, त्याला दोन ओळी टाक. वडिलांना पत्र लिहायला काम लागत नाही.

जयमाला आत्या


मुंबई,
१६ ऑगस्ट १९९९

प्रिय आत्या,

जय भीम. तू महिनाभर काही लिहिलं नाहीस, त्यावरून मी काय समजायचं ते समजले.

परवा मी सरांना राजीनामा दिला. त्यांना सगळं सांगितलंही. ते म्हणाले, "सगळेच करतात गं. आई खरी, मुलगा खरा, दार खरं. एवढ्याने खोटं होतं का?" मी म्हटलं, गूळ खोटा आहे. त्यांना ते कळलं नाही असं नाही, पण लढाई संपली, फिल्म आधीच उशिरा झाली आहे, ती सप्टेंबरअखेर द्यायचीच आहे. मी पूर्ण केली नाही तर दुसरं कुणी करील, त्याच शॉटपासून सुरू करून. तो माझा नाही, युनिटचा आहे.

भिंगारला बाबांकडे येऊन राहीन म्हणते. नगरला एका कॉलेजात शिकवायला बोलावताहेत. मुलांना कॅमेरा कसा धरायचा ते शिकवीन. कुठे धरायचा नाही तेही, निदान एवढं तरी आता मला येतं.

आक्काबाईंना माझं काही सांगू नकोस.

रश्मी


घोडेगाव,
२६ ऑगस्ट १९९९

चि. रश्मी,

राजीनाम्याचं वाचलं आणि माझा जीव जागेवर राहिला नाही. हे आता लपवण्यात अर्थ नाही, म्हणून दोन गोष्टी लिहिते.

पहिली. तो टेम्पो मी सोडला. चार गाड्या मी थांबवल्या होत्या. पाचवा आला तो माझ्या जुन्या विद्यार्थ्याचा. तो खाली उतरला, पाया पडला, बायको बाळंत झाली, मुलगी झाली म्हणाला. मी खूश झाले आणि "जा बाबा, बाजार गाठ" म्हणून हात केला. त्या मिनिटाला मी तुझ्या कामाचं पार विसरले. नंतर सगळ्या गावाला गाड्या कशा अडवल्या ते सांगत फिरले, आणि तू उपकार मानलेस तेही गपचूप घेतले. साळूबाईवर आवाज चढवला तो तिच्यासाठी नव्हताच. मी तीस वर्षं मुलांना सांगितलं की मागून हाक मारल्याने काही होत नसतं, आणि आठ जुलैपासून आक्काबाईचं दार टाळून मी मागच्या गल्लीने जाते. माझ्यासारखीचं हे होतं, तर तिला काय म्हणायचं?

दुसरी याहून वाईट. आक्काबाई तुझ्याबद्दल काही बोलत नाही असं मी लिहिलं. ते खोटं होतं. जुलैपासून तिने तीनदा निरोप पाठवला, "बाईंच्या भाचीला बोलवा, मला तिच्याशी बोलायचंय." मी टाळत राहिले. मला वाटलं चारचौघींत तुला शिव्याशाप देईल, आणि मी ते मधे येऊन अडवू शकणार नाही, कारण चूक मुळात माझी. म्हणून तुला येऊ नको म्हटलं. तुला वाचवत होते असं मला वाटत होतं. वाचवत होते ते मला.

काल ती स्वतः माझ्या दारात आली. म्हणाली, "तुमी लिवनार न्हाई आसं दिसतंय. आता माझ्याम्होरं लिवा." मग मी लिहिलं. ती बोलली तसं, एकही शब्द न बदलता. सोबत जोडते.

जयमाला आत्या


रश्मीबाईला आक्काबाईचा जय भीम.

तुमी आला न्हाईत. बाईंनी सांगितलं नसंल, मला ठावं हाय. बाई लई हुशार, पर भित्र्या हायेत. हे बी लिवा म्हनलं त्यांना.

लोक कायबी बोलत्यात. साळूबाई तर रोज बोलती. तुमी मनावर घेऊ नका. माझा पोरगा एकला न्हाई गेला. तिकडं किती गेले, त्या समद्यांना कुनी मागून हाक मारली हुती?

माझं काम येगळं हाय. तुमी हाक मारली तवा म्या त्याच्याकडं बघितलंच न्हाई. तोंड फिरवलं आन् भिंतीकडं बघत हुबी ऱ्हायले. त्यो आला, "आये, आलो गं" म्हनला. म्या बोलले न्हाई. बस म्हनले न्हाई, पानी दिलं न्हाई. मग तुमी म्हनलात तसं चिमटीनं क्येलं, तवा कुटं त्याच्या तोंडाकडं बघितलं. हसत हुता. लहानपनी भातुकलीत खोटं खोटं ज्येवायचा, तसा.

बाई, त्यो घरातनं लई येळा गेला. पर त्या दिवशी जाऊन परत आला. कडुलिंबापासनं दारापत्तुर चालत आला. तुमच्यामुळं आला. आन् म्या बघितलं न्हाई.

तुमच्या पिच्चरमदी त्यो जातानाचं आसंल. ते मला नको. जाताना म्या बघितलाय. परत येतानाचं तेवढं मला दाखवा. लोक म्हनत्यात त्यात समदं ऱ्हातं.

आंगठा, आक्काबाई रखमाजी


मुंबई,
४ सप्टेंबर १९९९

प्रिय आत्या,

जय भीम. तुझं पत्र आणि आतला तो कागद हातात धरून मी ऑफिसच्या जिन्यात बसून राहिले. तुझ्यावर रागावता येत नाही. आपण दोघींनी एकाच गोष्टीसाठी तीन महिने तोंड लपवलं, आणि जिच्यापासून लपवलं ती आपल्या दोघींहून सरळ निघाली.

पण तिला जे हवंय ते नाही. मी "कट" म्हटलं आणि कॅमेरा बंद झाला. तो परत आला तेव्हा कॅमेरामन भिंग पुसत होता, आणि मी घड्याळ बघत होते. त्याचं जाणं मी दोनदा घेतलं, येणं एकदाही नाही. निगेटिव्ह पुन्हा तपासलं, कुठे एखादी तरी फ्रेम असेल म्हणून. टेम्पोचा मागचा भाग, म्हशीची शिंगं, आणि संपलं.

मग मैत्रेयीकडे गेले. तिला विचारताना लाज वाटत होती, कारण ज्या टेपवरून तिला झापलं तीच मागायची होती. तिने कपाटातून ती काढली. वर लिहिलं होतं, "घोडेगाव, जागेचा आवाज." आम्ही दोघींनी ऐकलं. टेम्पो जातो. माझी हाक. मग बराच वेळ कोंबड्या, हापसा, आणि लांबून बुटांचा आवाज. तो जवळ जवळ येतो. ट्रंक खाली ठेवल्याचा आवाज. मग सम्राट, अगदी माइकजवळ, "आये, आलो गं. बाई म्हनत्यात, नीट गेलो न्हाई." तो हसतो. मग सात सेकंद कुणीच बोलत नाही. मी मोजले. त्यानंतर मी, "आक्काबाई, पुन्हा तसंच."

मैत्रेयीने कॅसेटवर उतरवून दिलंय. मी ते घेऊन एकोणीसला येते. तुझ्याकडे शाळेचा जुना टेपरेकॉर्डर आहे ना?

आणखी एक. सरांनी माझा राजीनामा वर पाठवलाच नव्हता, खणात ठेवला होता. मी परत जाऊन म्हटलं, फिल्म मीच पूर्ण करते, पण पहिला टेक घ्यायचा, म्हशींचा. त्यात गूळ खरा आहे. सर म्हणाले, "अगं, त्यात जवान दिसतच नाही. टेम्पो मधे येतो." मी म्हटलं, खरा निघाला तेव्हा त्याच्या आईलाही तो तेवढाच दिसला. त्यावर ते म्हणाले, "तुझं नाव खाली जातंय. लोक विचारतील तेव्हा उत्तर तू द्यायचं." देईन. दुसरा टेक मी डब्यात बंद करून ठेवला.

तो आवाज मात्र फिल्ममध्ये घेणार नाही. सरांनी ऐकला असता तर शेवटाला हवाच म्हणून हट्ट धरला असता, म्हणून ऐकवलाच नाही. तो आक्काबाईंचा आहे.

तुझी,
रश्मी


घोडेगाव,
१४ ऑक्टोबर १९९९

चि. रश्मी,

जय भीम. तू एकोणीसला येऊन गेलीस तेव्हापासून तुझं पत्र नाही, म्हणजे तू अजून तेच धरून बसली आहेस. कॅसेट एकदा वाजली, आक्काबाई उठून आत गेली आणि तू निघेपर्यंत बाहेर आली नाही. बसमध्ये चढताना तू म्हणालीस, "आत्या, मी पुन्हा तेच केलं." त्याचं उत्तर माझ्याकडे आता आहे, म्हणून लिहिते.

फिल्म परवा टीव्हीवर लागली. माझ्या घरी पंचवीस-तीस माणसं होती, साळूबाई सगळ्यात पुढे. टेम्पो मधे आला तेव्हा कुणीतरी "आरं, हो की बाजूला" म्हणून ओरडलं. टेम्पो सरकता सरकताच चित्र तुटलं आणि सम्राट पुन्हा दिसलाच नाही, तेव्हा साळूबाईने पदर तोंडाला लावला. तो टेम्पो मी सोडला होता, हे मी फिल्म संपल्यावर सगळ्यांसमोर सांगितलं. रखमाजी म्हणाला, "आसू द्या बाई, त्याच्या घरी लेक झाल्ती." महेंद्र भिंगारहून मुद्दाम आला होता. त्याला फिल्म आवडली. तोंडाने म्हणाला नाही, पण जाताना तुझा पत्ता बरोबर आहे ना ते दोनदा विचारलं.

आक्काबाई फिल्म बघायला आली नाही. जाताना बघितलाय, म्हणाली.

तू गेल्यावर दुसऱ्या दिवशी ती माझ्याकडून टेपरेकॉर्डर घेऊन गेली. बटणं शिकवली, एक चालू करायचं, एक थांबवायचं. मला वाटलं दोन दिवसांत परत करील. नाही केला. मग काल मी मुद्दाम गेले, दुपारची. दार उघडंच होतं. ती उंबऱ्याशी बसली होती, टेपरेकॉर्डर पाटावर, शेजारी पाण्याचा तांब्या आणि वाटीत गूळ. मला बघून तिने नुसती मान हलवली, बसा म्हणून.

तिने बटण दाबलं. टेम्पो गेला, तुझी हाक आली. मला वाटलं आता ती दचकेल. ती रस्त्याकडे बघत होती, कडुलिंबाकडे. बुटांचा आवाज सुरू झाला तशी तिची नजर हळूहळू जवळ येत गेली, रस्ता, मग अंगण, मग उंबरा. ट्रंक खाली ठेवली. सम्राट म्हणाला, "आये, आलो गं. बाई म्हनत्यात, नीट गेलो न्हाई." आणि हसला.

तू मोजलेले ते सात सेकंद आहेत ना, त्यात आक्काबाई म्हणाली, "ये. बस. पानी पी."

घाई न करता म्हणाली, आणि तरी ते त्या जागेत बरोबर बसलं. मग तिने दुसरं बटण दाबून टेप तिथेच थांबवली. पुढचं ती ऐकत नाही.

नगरला कॉलेजात जाणार असशील तर तो तुझा प्रश्न आहे, पण आक्काबाई विचारत होती, तुझी पुढची फिल्म कशावर आहे. मी म्हटलं, विचारून सांगते. येताना टेपरेकॉर्डरचे सेल आण, चार मोठे. इथे वीज दुपारची जाते.

तुझी,
जयमाला आत्या